योगोशी

प्रयोग संपला की सेट काढायला जेमतेम तासभर मिळायचा. राज्य नाट्य स्पर्धेत दुसऱ्या दिवशी दुसऱ्या संघाचं नाटक. नट मंडळी तोंडं पुसून चहाला जाईपर्यंत आम्ही मागचे लोक फ्लॅट, म्हणजे नेपथ्याच्या सुट्या भिंती, उतरवायला लागलेले असायचो. महिनाभर सरस उकळून, त्यात काव नि पिवडी कालवून जी भिंत रंगवली, ती वीस मिनिटांत टेम्पोत आडवी. त्या धांदलीत आमचे मिस्त्री मात्र विंगेत उकिडवे बसून निघालेले खिळे हातोडीने सरळ करत असायचे. एकदा मी चार-दोन वाकडे खिळे केरात टाकले. मान वर न करता म्हणाले, "ते तुझ्या बाचे न्हाईत. म्होरल्या वर्षीच्या नाटकाचे हायत."

तेव्हा आम्ही हसलो होतो. पुढे नोकरी लागली, नाटक सुटलं, आणि मागे राहिलं ते एक विचित्र व्यसन: सिनेमा बघताना नटांकडे कमी आणि त्यांच्या मागच्या भिंतीकडे जास्त बघायचं. घरचे वैतागतात. "गोष्ट काय झाली?" असं विचारलं तर मला सांगता येत नाही, पण जिन्याच्या तिसऱ्या पायरीची कड झिजलेली होती हे सांगता येतं.

या व्यसनापायी जुने जपानी सिनेमे पाहत गेलो. पहिले काही पुण्यात, लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म अर्काइव्हमध्ये. मग जिथे मिळतील तिथे. एकेका दिग्दर्शकाचे सिनेमे शोधून बघावेत असा शिरस्ता असतो. माझ्या हे फार उशिरा ध्यानात आलं की मी नकळत एका नेपथ्यकाराचे सिनेमे बघतोय. दिग्दर्शक वेगवेगळे होते, चाळीसेक वर्षांचं अंतर होतं, काही कृष्णधवल, काही रंगीत. पण लाकूड ओळखीचं वाटायचं. श्रेयनामावली उघडून पाहिली तर नाव तेच, योशिनोबू निशिओका. आणि मग कळलं की हा माणूस एका निर्मिती संस्थेचा प्रमुखही होता. सुतार-रंगाऱ्यांच्या खात्यातून आलेला निर्माता! माझे कान तिथे टवकारले.

निशिओका १९२२ साली नारा प्रांतात जन्मले. नारा म्हणजे क्योतोच्याही आधीची राजधानी. जुनी लाकडी देवळं तिथे पावलोपावली. १९४८ मध्ये ते क्योतोच्या दाइएइ स्टुडिओत कला विभागात लागले. हा स्टुडिओ उझुमासा नावाच्या भागात. आजूबाजूला इतरही स्टुडिओ, एका बाजूला कोर्‍यूजीचं प्राचीन मंदिर, मधून रस्त्याच्या कडेकडेने जाणारी छोटी ट्राम. टोकियोच्या स्टुडिओंत बहुतेक आजकालच्या गोष्टी चालत; तलवारी, किमोनो, सराया, जुगारी, साधू असला सगळा ऐतिहासिक मामला क्योतोकडे. जपानीत त्याला जिदाइगेकी म्हणतात.

आता असल्या सिनेमाचं नेपथ्य म्हणजे काय प्रकार असतो, ते थोडं सांगायला हवं. मोठं सुतारकाम ते ओदोगु, हातात धरायच्या, मांडायच्या वस्तू त्या कोदोगु. आपल्या नाटकात जसं नेपथ्य वेगळं आणि प्रॉपर्टी वेगळी. क्योतोत कोझू शोकाई नावाचं एक घराणंच आहे जुन्या वस्तू भाड्याने देणारं. सुरुवात जुन्या सामानाच्या दुकानापासून, पुढे सगळ्या सिनेमांना मडकी, पेटारे, दिवे तिथूनच. मापं तातामीची. तातामी म्हणजे जमिनीवरच्या जाड चटया. खोली किती चटयांची, त्यावर तिचा आकार सांगतात. त्यातही गोम अशी की क्योतोची तातामी एदोच्या, म्हणजे जुन्या टोकियोच्या, तातामीपेक्षा मोठी. सुमारे १९१ सेंटिमीटर विरुद्ध १७६. गोष्ट एदोत घडत असेल आणि खोली क्योतोच्या मापाने बांधली तर बघणाऱ्या शंभरांतल्या नव्व्याण्णवांना कळणार नाही. उरलेला एक जण कला विभागात बसलेला असतो.

आणि मग योगोशी. शब्दशः मळवणं. नवीन बांधलेलं जुनं करणं. लाकडाचा पृष्ठभाग जाळून ब्रशने घासला की मऊ भाग निघून जातो आणि रेषा उठून दिसतात, जणू शंभर वर्षं वारा-पाऊस खाल्लाय. भिंतीवर हात कुठे लागतो, धूर कुठून वर जातो, पाण्याचा ओघळ कुठल्या कोपऱ्यातून येतो, याचा हिशेब करून घाण लावायची. आमच्या मिस्त्रींना हे जमायचं. ते रंग वाळला की ओल्या गोणपाटाने खालचा दीड फूट पुसायचे, "हितं माणसं टेकत्यात" म्हणून.

निशिओका स्टुडिओत येऊन दोन वर्षं झाली असतील, तेव्हा तिथे एक दरवाजा उभा राहत होता. दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या 'राशोमोन'चा. तो निशिओकांचा नव्हे, ताकाशी मात्सुयामांचा. पण त्याची हकिकत सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. सिनेमाला नेपथ्य फारसं लागणार नाही, एक दरवाजा, न्यायालयाच्या आवाराची एक भिंत, बाकी जंगल, असं ऐकून स्टुडिओ खूश झाला होता. दरवाजा मात्र वाढता वाढता एवढा झाला की पूर्ण छप्पर घातलं असतं तर खांबांना ते पेललं नसतं. म्हणून छप्पर अर्धं मोडकळीला आलेलं दाखवलं. आज समीक्षक त्या ढासळलेल्या छपरात एका युगाचा ऱ्हास वाचतात, आणि त्यात चूक काहीच नाही. पण मुळात प्रश्न वजनाचा होता, हे आठवलं की मला फार बरं वाटतं. धो धो पाऊस कॅमेऱ्यात उमटेना म्हणून पाण्यात शाई मिसळली. १९५१ मध्ये त्या सिनेमाने व्हेनिसला सुवर्णसिंह पटकावला, आणि उझुमासातले सुतार आंतरराष्ट्रीय झाले. दोनच वर्षांनी त्याच आवारात 'जिगोकुमोन' बनला. त्याचे रंग पाहून कानचा महोत्सव आणि ऑस्कर दोन्ही दिपले. अशा कारखान्यात निशिओका शिकत होते.

निशिओकांच्या नावापाशी मी पहिल्यांदा थांबलो तो सिनेमा म्हणजे दिग्दर्शक कोन इचिकावांचा 'एन्जो', १९५८ चा. १९५० च्या जुलैत क्योतोचं किन्काकुजी, सोन्याच्या वर्खाचं मंदिर, एका तरुण शिकाऊ भिक्षूने पेटवून दिलं होतं. त्यावर युकिओ मिशिमांनी कादंबरी लिहिली आणि कादंबरीवर हा सिनेमा. मंदिराच्या लोकांना हे रुचलं नव्हतं, त्यामुळे पडद्यावर मंदिराचं नाव बदलून शुकाकुजी झालं. म्हणजे नेपथ्यकारापुढचं काम बघा: जगातली सगळ्यात सुंदर वस्तू बांधायची, कारण नायकाचा बाप त्याला तेच सांगत आलाय, ती सोन्याची असायला हवी, आणि सिनेमा कृष्णधवल आहे.

मी तो सिनेमा चार वेळा पाहिला. दर वेळी वाटलं की मंदिर पिवळं दिसतंय. कसं? छायालेखक काझुओ मियागावा होते हे अर्धं उत्तर. उरलेलं अर्धं सभोवतालात आहे. मठातल्या ओसऱ्या, कोठीची दारं, स्वयंपाकघराची भिंत हे सगळं इतकं काळपट, इतकं वापरलेलं आहे की त्यातून बाहेर येऊन तळ्यापलीकडची ती इमारत पाहिली की डोळेच दिपतात. सोनं लावलंय ते मंदिराला नाही. बाकी सगळ्यावरून काढून घेतलंय. माझा हा तर्क निशिओकांना मान्य झाला असता की नाही, देव जाणे. पण मठाच्या लाकडी जमिनीकडे एकदा बघाच. उंबऱ्याजवळच्या फळ्या मधोमध जास्त गुळगुळीत आहेत. पोरं रोज फडक्याने पुसतात ना त्या, दोन्ही हात टेकून, ओणवं पळत.

पाच वर्षांनी इचिकावा-निशिओका याच जोडीने अगदी उलटं काहीतरी केलं. 'युकिनोजो हेंगे', १९६३. नट काझुओ हासेगावांचा तीनशेवा सिनेमा, तोही त्यांच्याच १९३५ च्या भूमिकेची पुनरावृत्ती. स्त्रीपार्टी नट आणि चोर, दोन्ही तेच. त्यात निशिओकांनी बांधण्यापेक्षा न बांधण्याचंच काम केलंय. रुंद पडदा, सगळा काळा. एका कडेला भिंतीचा तुकडा. मध्ये ताणलेला दोर, आणि तो कोणी ताणलाय ते दिसत नाही. अंधारात तलवारीची एक रेघ. नाटकातल्या माणसाला हे पाहून हसू फुटतं, कारण पैसे नसले की आम्ही हेच करायचो: मागे काळा पडदा, पुढे एक खांब, नि बाकी प्रकाशयोजनेवर सोडायचं! फरक एवढाच की आमच्या खांबाकडे बघून पैसे नव्हते हे कळायचं.

मधल्या वर्षांत त्यांनी किती काम केलं ते मोजत बसणार नाही. आंधळ्या मालिशवाल्याच्या, झाटोइचीच्या मालिकेतले सिनेमे, इतर तलवारबाजीचे सिनेमे, भराभर उरकायचे. तेच जिने फिरवून, तीच सराय उलटी करून. खिळे सरळ करण्याचेच ते दिवस.

मग ते बुडालं. जपानमध्ये १९५८ साली, म्हणजे 'एन्जो'च्याच वर्षी, सिनेमाची ११२ कोटींवर तिकिटं विकली गेली होती. १९७१ पर्यंत आकडा २२ कोटींच्या आत आला. घरोघरी टीव्ही आला होता. दाइएइचा मोठा तारा राइझो इचिकावा १९६९ मध्ये सदतिसाव्या वर्षी वारला. १९७१ च्या डिसेंबरात कंपनीने दिवाळं जाहीर केलं.

एरवी ललित लेखात इथे वाक्य येतं, 'आणि एका युगाचा अंत झाला'. त्या दिवसांत क्योतोच्या स्टुडिओत प्रत्यक्षात काय चाललं होतं? तर एका टीव्ही मालिकेचं चित्रीकरण. 'कोगाराशी मोन्जिरो'. दिग्दर्शक कोन इचिकावांच्या देखरेखीखाली, फुजी टीव्हीसाठी. पहिला भाग १ जानेवारी १९७२ ला लागायचा होता. कंपनी गेली, पगार कोण देणार माहीत नाही, आणि तोंडात लांब काडी धरलेला तो भटक्या जुगारी अर्धवट उभा. तेव्हा स्टुडिओतल्या तंत्रज्ञांनी मिळून स्वतःची संस्था काढली, एइझो क्योतो. प्रमुख कोण? दिग्दर्शक नाही, नट नाही, पैसेवाला तर नाहीच. कला विभागातले पन्नाशीला टेकलेले निशिओका.

यावर मी बराच विचार केलाय. नेपथ्यकारच का? मला वाटतं, स्टुडिओत सगळ्यात जास्त माणसांशी रोज हुज्जत घालणारा तोच असतो. सुताराकडून वेळेवर काम काढायचं, रंगाऱ्याला समजवायचं, प्रकाशवाल्यासाठी छत उघडं ठेवायचं, कॅमेऱ्यासाठी भिंत सरकती करायची, दिग्दर्शकाला 'हे होणार नाही' असं सांगायचं आणि रात्रीतून ते करूनही ठेवायचं. आणि कुठली गोष्ट कितीला पडते हे त्याच्याइतकं कोणालाच ठाऊक नसतं. निर्माता म्हणजे तरी आणखी काय?

आपल्याकडे याला जवळचं उदाहरण आठवतं ते साहेबमामा फत्तेलालांचं. चित्रकार, कला दिग्दर्शक, आणि १९२९ साली कोल्हापुरात निघालेल्या 'प्रभात'चे भागीदार. पण फत्तेलाल-दामले-शांताराम निघाले ते भरती येण्याच्या वेळी. निशिओकांनी होडी पाण्यात लोटली ती ओहोटी लागल्यावर. शिवाय 'प्रभात' मोडली तरी पुण्यात तिचे स्टेज आजही उभे आहेत, त्यात पोरं सिनेमा शिकतात. उझुमासाचं तसं झालं नाही, त्याकडे येतोच.

मोन्जिरो भलताच गाजला. त्या मालिकेचं दिसणं बघण्यासारखं आहे: फाटकं टोप, मळलेली झूल, धुळीचे रस्ते, गळकी खोपटी. त्याआधी टीव्हीवरचे सामुराई इस्त्री केल्यासारखे असायचे. योगोशीत मुरलेल्या त्या हातांना ही घाण लावताना काय समाधान वाटलं असेल! आणि तीही अशा दिवसांत, जेव्हा त्यांच्या डोक्यावरचं छप्परही राशोमोनच्या दरवाजासारखं अर्धंच उरलं होतं.

एइझो क्योतो पुढे २०१० पर्यंत चालली. अडतीस वर्षं. टीव्हीचं काम घ्यायचं, इतर स्टुडिओंच्या सिनेमांना माणसं पुरवायची, मध्येच एखादा स्वतःचा मोठा सिनेमा. या काळात निशिओका निर्माता म्हणून कागदांवर सह्या करत होते आणि नेपथ्यकार म्हणून चित्रं काढत होते. हिदेओ गोशांचे सिनेमे केले. इचिकावांचा 'दोरा-हेइता' केला, जो कुरोसावा, किनोशिता, इचिकावा आणि कोबायाशी या चौघा दिग्दर्शकांनी मिळून पूर्वी कधीतरी लिहिला होता आणि २००० साली लोकांसमोर आला.

मला त्या काळातला सगळ्यात जवळचा आहे तेशिगाहारांचा 'रिक्यू', १९८९ चा. सोळाव्या शतकातले चहागुरू सेन नो रिक्यू आणि सत्ताधीश हिदेयोशी यांच्यातली ओढाताण. एकाची चहाची खोली दोन तातामींची, मातीच्या भिंतींची, वाकून आत शिरायची. दुसऱ्याची अस्सल सोन्याने मढवलेली. आता गंमत अशी की हिदेयोशीची ती सोन्याची खोली इतिहासात खरोखर होती, आणि ती सुटी करून दुसरीकडे नेऊन जोडता यायची. १५८६ साली त्याने ती सम्राटाच्या राजवाड्यात नेऊन उभी केली. म्हणजे तो सेटच होता! जपानच्या सगळ्यात सामर्थ्यवान माणसाने चारशे वर्षांपूर्वी बनवून घेतलेला, टेम्पोत घालून नेता येईल असा सेट.

'एन्जो'त सोन्याला रंग नव्हता. 'रिक्यू'त आहे, आणि ते सोनं जड, चिकट, डोळ्यांना टोचणारं दिसतं. त्यानंतर कॅमेरा मातीच्या खोलीत येतो. कागदी खिडकीतून जेमतेम उजेड, भिंतीच्या गिलाव्यात दिसणाऱ्या गवताच्या काड्या. अशी भिंत नवी आहे आणि जुनीही आहे, कारण रिक्यूला ती मुळातच जुनी वाटायला हवी होती. म्हणजे रिक्यूही योगोशीच करत होता! ही ओळ लिहिताना मला जरा भीती वाटते, चहाच्या परंपरेतलं कोणी वाचलं तर कान धरतील. पण निशिओका पासष्टी उलटल्यावर त्या भिंतीसमोर उभे असताना त्यांना हे सुचलंच नसेल, असं मी मानायला तयार नाही.

त्यानंतर नागिसा ओशिमांचा 'गोहात्तो', १९९९. दिग्दर्शक पक्षाघातानंतर चाकांच्या खुर्चीवर, नेपथ्यकार सत्त्याहत्तर वर्षांचे. शेवटच्या प्रसंगात धुकं, ओलसर माळ आणि फुललेलं चेरीचं झाड. ते झाड तलवारीच्या एका घावात आडवं होतं. आणि २००२ चा 'तासोगारे सेइबेइ', योजी यामादांचा. तिथे निशिओका फक्त देखरेखीला होते, नेपथ्य दुसऱ्याचं. पण त्या कारकून सामुराईचं घर पाहा. बायको गेलेली, म्हातारी आई विसराळू, दोन लहान मुली. घरात सगळं जागच्या जागी आहे आणि कशालाच नीट हात फिरलेला नाही. चुलीमागची भिंत काळी आहे, पण वरपर्यंत नाही. बाई उभी राहून जिथवर पुसायची तिथवर अजून थोडी फिकट आहे. की ते मलाच दिसतं? असेल.

निशिओका २०१९ च्या ऑक्टोबरात वारले, सत्त्याण्णव वर्षांचे होऊन.

त्यानंतर पुतण्याच्या निमित्ताने ओसाकाला जाणं झालं, तेव्हा एक दिवस काढून उझुमासाला गेलो. जांभळी ट्राम, कोर्‍यूजीचा मोठा दरवाजा, पुढे लोकवस्ती. दाइएइचा स्टुडिओ १९८६ मध्येच बंद झाला. त्या जागेवर आता घरं आहेत, शाळा आहे. एकही स्टेज नाही. आठवण म्हणून उरलाय तो बाजाराचा रस्ता, ज्याला अजून दाइएइ-दोरी म्हणतात. तोफू, चपला, सायकलदुरुस्ती, न्हावी. माझ्या मोडक्या इंग्रजीला एका दुकानदारीणबाईंनी हातवाऱ्यांनी उत्तर दिलं: पुढे, पुढे, मग उंच.

पुढे सुपरमार्केटसमोर खरंच उंच होता. दाइमाजिन. दाइएइच्या १९६६ च्या सिनेमातला दगडी दैत्यदेव, संकटात जिवंत होऊन चालू लागणारा. पाचेक मीटरचा पुतळा, मुठी वळलेल्या, डोळे वटारलेले. तो सिनेमा निशिओकांचा नाही, आणि हा पुतळाही सिनेमातला नव्हे. बाजारकरांनी फार नंतर उभारलेला. खालून लोक भाजीच्या पिशव्या घेऊन जात होते, एक आजोबा त्याच्या पायाशी सायकलला कुलूप लावत होते.

सवयीने मी पुतळ्याच्या मागे गेलो. दगड वाटावा असा रंग दिलेला, सांधे बुजवलेले. योगोशी शोधत होतो. पुढच्या बाजूला रंगाऱ्याने केलेली होती, ठीकठाक, चिलखताच्या खाचांत काळपट. पाठीवर मात्र खांद्यापासून खाली दोन लांब ओघळ उतरले होते, हिरवट, एक दुसऱ्यापेक्षा थोडा आखूड. ते कोणी रंगवलेले नव्हते. वर मान करून पाहिलं तर शिरस्त्राणाच्या कडेला एक पन्हळ झाली होती, पाणी तिथूनच उतरत असणार.